नेरळ–माथेरान लोहमार्ग : एका मक्तेदारीची स्थित्यंतरे

उद्योगसंस्था टिकून राहिली की तिच्या टिकण्याचे कारण तिच्याच कर्तबगारीत शोधण्याचा प्रघात आहे. नेरळ–माथेरान लोहमार्गाचा इतिहास पाहता या प्रघातास बरीच मुरड घालावी लागते.

इ. स. १८५० मध्ये ठाण्याचे कलेक्टर ह्यू मॅलेट माथेरानच्या डोंगरावर गेले आणि पुढे ते मुंबईकर युरोपीयांचे व धनिकांचे हवापालटाचे ठिकाण झाले. नेरळपर्यंत ग्रेट इंडियन पेनिन्शुला रेल्वेची गाडी येई. पुढचा चढ घोडा, पालखी किंवा पायपीट यांवर अवलंबून असे. ही उणीव हेरून सर आदमजी पीरभॉय यांच्या भांडवलावर त्यांचे पुत्र अब्दुल हुसेन यांनी १९०४ मध्ये लोहमार्गाचे काम आरंभिले. सुमारे १६ लाख रुपये खर्चून १९०७ मध्ये तो खुला झाला. दोन फूट रुंदीचा, सुमारे २१ किलोमीटर लांबीचा आणि काही ठिकाणी वीसास एक चढ असलेला हा मार्ग होता. त्याकरिता जर्मनीतील ओरेनस्टाइन उंड कोप्पेल कारखान्याची इंजिने आणली गेली. त्यांची टोकाची चाके वळणाबरोबर सरकत. डोंगराला वळसे घालीत जाण्याच्या या युक्तीतच पुढील दौर्बल्याचे बीज होते.

पुढे घाटरस्ता झाला. मोटार जे अंतर अर्ध्या तासात तोडी, त्यास गाडीला दोन तास लागत. वाफेच्या जागी डिझेल इंजिने आली, तरी वळणे तीच राहिली. वेग वाढणे शक्यच नव्हते. स्पर्धा येथे संपावयास हवी होती. ती संपली नाही, याचे श्रेय इंजिनास नव्हे, तर निर्बंधास द्यावे लागते. माथेरानात मोटारींना बंदी असल्याने त्या दस्तुरी नाक्यावरच थांबतात. तेथून अमन लॉज स्थानक हाकेच्या अंतरावर आहे. त्यामुळे शेवटच्या सुमारे तीन किलोमीटरांची फेरगाडी ही या मार्गाची नवी बाजारपेठ ठरली. २०१९ च्या पावसाळ्यात मार्ग उखडला. अमन लॉज–माथेरान टप्पा लवकर पूर्ववत झाला. नेरळहून येणारी गाडी मात्र ऑक्टोबर २०२२ मध्ये सुरू झाली. मागणी कोठे सरकली होती, हे या क्रमावरूनच कळते.

डिसेंबर २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या अनुमतीने याच टप्प्यावर ई-रिक्षा प्रायोगिक तत्त्वावर धावू लागल्या. १९०७ मध्ये घोडेवाल्यांचा धंदा आगगाडीने हिरावला होता. या वेळी तेच घोडेवाले ई-रिक्षांना विरोध करीत उभे राहिले.