एलिझाबेथ कॉटन : मोलकरणीच्या हातातील गिटार

डॉ. बाबासाहेब आंबेडकर जुलै १९१३ मध्ये न्यूयॉर्कला उतरले आणि कोलंबिया विद्यापीठात शिकू लागले. त्या वेळी त्याच देशाच्या दक्षिणेत, उत्तर कॅरोलिना राज्यात, एक वीस वर्षांची कृष्णवर्णीय विवाहिता राहत होती. बालपणापासून तिने परक्यांच्या घरी राबून दिवस काढले होते. एलिझाबेथ कॉटन हे तिचे नाव. पुढे ब्लूज आणि लोकसंगीताच्या गिटारवादनात या नावाला मानाचे स्थान मिळाले. पण ते मिळायला अर्धे शतक जावे लागले.

एलिझाबेथ यांचा जन्म जानेवारी १८९३ मध्ये चॅपेल हिलजवळच्या कॅरबरो येथे झाला. गुलामगिरी कायद्याने संपली होती, तरी माणसाला माणूस न मानण्याची रीत संपली नव्हती. १९०० साली राज्यघटनेत दुरुस्ती करून तेथील कृष्णवर्णीयांचा मताधिकार जवळजवळ हिरावून घेतला गेला. घरी या मुलीला लाडाच्या नावांनीच हाक मारीत. शाळेत शिक्षिकेने नाव विचारले, तेव्हा तिने स्वतःच ‘एलिझाबेथ’ असे सांगितले. आपले नाव आपण ठेवण्याचा अर्थ आपल्या समाजाला समजावून सांगण्याची गरज नाही.

शाळा लवकरच सुटली आणि बाराव्या-तेराव्या वर्षी त्या घरकामाला लागल्या. पगार महिन्याला पाऊण डॉलर. त्यातून साठवून त्यांनी पावणेचार डॉलरची ‘स्टेला’ गिटार घेतली. म्हणजे सुरुवातीच्या दराने पूर्ण पाच महिन्यांची मजुरी एका वाद्यासाठी खर्ची पडली. त्या डावखुऱ्या होत्या आणि गिटार उजव्या हाताच्या वादकासाठी बांधलेली होती. शिकवायला गुरू नव्हता. त्यांनी तारा न बदलता गिटार उलटी धरली. त्यामुळे खर्जाच्या तारा खाली गेल्या व बारीक तारा वर आल्या. इतर वादक अंगठ्याने खर्ज आणि बोटांनी चाल वाजवतात. एलिझाबेथ बोटांनी खर्ज आणि अंगठ्याने चाल वाजवू लागल्या. त्या अडचणीतूनच जी शैली जन्मली, ती आज त्यांच्या आडनावाने ओळखली जाते. घराजवळून जाणाऱ्या मालगाडीवर त्यांनी याच कोवळ्या वयात ‘फ्रेट ट्रेन’ हे गीत रचले.

१९१० मध्ये त्यांचा विवाह झाला. पुढे एक मुलगी झाली. चर्चमधील मंडळींनी ऐहिक गाणी सोडण्याचा उपदेश केला आणि संसाराच्या रगाड्यात गिटार बाजूला पडली. ती जवळजवळ चाळीस वर्षे त्यांच्या हाती आली नाही.

पुढे घटस्फोटानंतर त्या वॉशिंग्टनमध्ये मुलीकडे राहू लागल्या. तेथील एका मोठ्या दुकानात कामाला असताना हरवलेली एक लहान मुलगी त्यांनी आईपर्यंत पोहोचवली. ती आई म्हणजे संगीतकार रूथ क्रॉफर्ड सीगर. त्यांनी एलिझाबेथ यांना आपल्या घरी कामाला ठेवले. त्या घरात भिंतीवर गिटार टांगलेली असे. एके दिवशी कामवालीच्या हातून तिचे सूर निघाले आणि घरातील मुले थक्क झाली. मुलगा माइक सीगर याने त्यांचे वादन ध्वनिमुद्रित केले आणि १९५८ मध्ये ‘फोकवेज’ने त्यांची पहिली ध्वनिमुद्रिका काढली. तेव्हा त्यांचे वय पासष्ट होते.

परंतु त्याआधीच एक अन्याय घडून गेला होता. सीगरांची मुलगी पेगी हिच्याकडून ‘फ्रेट ट्रेन’ इंग्लंडमध्ये पोहोचले, दोन परक्या गृहस्थांनी ते आपल्या नावावर नोंदवले आणि १९५७ मध्ये ते तेथे अतिशय लोकप्रिय झाले. खऱ्या रचनाकार तेव्हा वॉशिंग्टनमध्ये दुसऱ्यांच्या घरी स्वयंपाक करीत होत्या. सीगर कुटुंबाच्या खटपटीने पुढे एलिझाबेथ यांना श्रेय मिळाले, तेही वाट्यापुरते. ज्याच्या हाती लेखणी आणि नोंदवही, त्याच्या नावावर इतिहास चढतो, हे येथेही दिसले.

१९६० पासून त्या रंगमंचावर आल्या. महाविद्यालये, लोकसंगीताचे महोत्सव, परदेशचे दौरे असा प्रवास नव्वदीपर्यंत चालला. गाण्याच्या कमाईवर त्यांनी न्यूयॉर्क राज्यातील सिरॅक्यूज येथे स्वतःचे घर घेतले. १९८४ मध्ये राष्ट्रीय वारसा सन्मान आणि १९८५ मध्ये ग्रॅमी पुरस्कार त्यांना लाभला. २९ जून १९८७ रोजी त्यांचे निधन झाले.

बाबासाहेबांनी १९४६ मध्ये डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहून अस्पृश्य आणि कृष्णवर्णीय यांच्या स्थितीतील साम्याकडे लक्ष वेधले होते. ते साम्य केवळ राजकीय हक्कांपुरते नाही. आपल्या आयाआज्यांनी जात्यावर भीमाच्या ओव्या रचल्या, जलशांतून गाणी गावोगाव गेली. पण ती रचणाऱ्या अनेकींची नावे कोणी लिहून ठेवली नाहीत. परदेशातील आपल्या घरांत अशी गाणी अजून आठवणीत आहेत. ती ध्वनिमुद्रित करताना आधी एक काम करावे : गाणाऱ्या माउलीला तिचे पूर्ण नाव विचारावे आणि ते लिहून ठेवावे.

जय भीम!