आपला मारिओ सावकाश का पळायचा

आपल्या तुकडीच्या खेळांचा इतिहास लिहायचा म्हटला की लगोरी, गल्ली क्रिकेट, खो-खो, कबड्डी यांची नावं आपसूक येतात. शाळेच्या वार्षिकांत त्यांचे फोटोही आहेत. पण १९९० नंतरच्या दिवाळीच्या आणि मे महिन्याच्या सुट्ट्या ज्या खेळाने खाल्ल्या, त्याचा एकही फोटो कुठे नाही. टीव्हीला जोडायचा ‘व्हिडिओ गेम’. मशीनलाही व्हिडिओ गेम म्हणायचं आणि त्यातल्या खेळालाही. या वर्षीच्या मेळाव्यात एका टेबलावर तो खेळ मांडायचं काम समितीने माझ्याकडे दिलं. ते करताना जे हाती लागलं ते इथे लिहितो.

आधी मशीन कुठलं, ते सांगायला हवं. जपानच्या निन्टेन्डो कंपनीने १५ जुलै १९८३ रोजी ‘फॅमिकॉम’ बाजारात आणलं. आपल्या घरांत आलं ते फॅमिकॉम नव्हे, त्याची नक्कल. तैवान-चीनमध्ये त्याच्या चिपच्या नकला निघाल्या, मग सगळी करामत एकाच चिपमध्ये बसवून वर काळ्या लाखेचा थेंब टाकलेली स्वस्त मशीनं निघाली, आणि ती लॅमिंग्टन रोड, मनीष मार्केट अशा वाटांनी दादर-परळ-लालबागपर्यंत पोचली. डब्यावर नाव काहीही असे. मूळ निन्टेन्डो मी आपल्या वर्गात कुणाकडेही पाहिलेलं नाही.

हा स्वस्तपणा आपल्या भागात महत्त्वाचा होता. १८ जानेवारी १९८२ ला गिरण्यांचा संप सुरू झाला तेव्हा आपण बालवाडीतही नव्हतो, पण त्याचा हिशेब आपल्या शाळेच्या सगळ्या वर्षांत घराघरांत चालू होता. १९९५ मध्ये शॉ वॉलेसने सेगाचं मेगा ड्राइव्ह भारतात अधिकृतपणे आणलं, त्याची किंमत १८,००० रुपये होती. आपल्यातल्या किती घरांत तेवढी रक्कम एकदम दिसली असेल? नकली मशीन हजाराच्या आसपास मिळे, तेही चाळीत एखाद्याकडेच. बाकीचे त्याच्या दारात चपला काढून बसायचे आणि नंबर लावायचे. एक जान गेली की रिमोट पुढच्याकडे. कंट्रोलरला आपण रिमोटच म्हणायचो, वायर असली तरी.

आणि कॅसेट! जगात तिला कार्ट्रिज म्हणतात, आपल्याकडे ती कॅसेटच. ‘९९९९९९९ इन १’ लिहिलेली पिवळी कॅसेट किती जणांना आठवते? सुरू केली की समुद्राचं चित्र आणि ‘अनचेन्ड मेलडी’ची किरकिरी धून. १९५५ सालच्या एका इंग्रजी सिनेमातलं ते गाणं. १९९० मध्ये ‘घोस्ट’ने पुन्हा गाजवलं आणि कुणा अज्ञात कारागिराने ते आपल्या मेन्यूत घुसवलं. एक कोटीला एक कमी एवढे खेळ मात्र नव्हतेच. मोजून काही थोडे, आणि तेच वेगवेगळ्या नावांनी, वेगवेगळ्या लेव्हलपासून सुरू होणारे. ‘अ‍ॅडव्हेंचर आयलंड’ला आपण ‘इस्लंडर’ म्हणायचो आणि ‘बॅटल सिटी’ला नुसतं ‘टँक’. मूळ कंपनीचं नाव आणि साल पहिल्या पडद्यावरून बऱ्याचदा पुसलेलं असे. त्यामुळे ‘सुपर मारिओ ब्रदर्स’ शिगेरु मियामोतो यांनी केला, संगीत कोजी कोंडो यांचं, आणि तो सप्टेंबर १९८५ चा आहे, हे मला तिशीत कळलं. आपण ज्याला नवा खेळ म्हणत होतो तो तेव्हा दहा वर्षांचा झाला होता.

एमुलेटर म्हणजे असा प्रोग्राम, जो तुमच्या संगणकाला काही वेळ ते जुनं मशीन असल्याचं सोंग आणायला लावतो. मूळ मशीनची कामाची मेमरी फक्त २ किलोबाइट, प्रोसेसरचा वेग १.७९ मेगाहर्ट्झ, आणि अख्खा मारिओ ४० किलोबाइटचा. आज या स्मरणिकेतला एक फोटो त्याहून कितीतरी मोठा असतो. तरी सोंग सोपं नाही, कारण त्या खेळांच्या लेखकांनी मशीनची प्रत्येक सवय गृहीत धरली होती. कॅसेटमध्ये कोणत्या प्रकारचं सर्किट आहे, हेही एमुलेटरला ठाऊक असावं लागतं, नाहीतर पडद्यावर रांगोळी सांडल्यासारखं दिसतं. ‘नेस्टिकल’ नावाचा गाजलेला एमुलेटर एप्रिल १९९७ मध्ये निघाला, म्हणजे नेमका आपल्या दहावीच्या परीक्षेनंतरच्या सुट्टीत. आपल्याला त्याचा पत्ता नव्हता. मुंबईत सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू होऊन तेव्हा दोन वर्षंही झाली नव्हती.

आता ‘रेट्रोआर्क’ नावाचा फुकट प्रोग्राम मिळतो, तो मी जुन्या लॅपटॉपवर टाकला. जुन्या घाटाचे यूएसबी रिमोट लॅमिंग्टन रोडवरच घेतले. (पाट्यांवर डॉ. दादासाहेब भडकमकर मार्ग. पण रिक्षावाले जिथे येत नाहीत तिथल्या टॅक्सीवाल्याला लॅमिंग्टनच सांगावं लागतं.) माझी स्वतःची कॅसेट माळ्यावर होती. तिच्या ६० पिना वाचून आतला मजकूर संगणकात उतरवणारं छोटं यंत्र मिळतं. पिना इरेझरने घासून स्पिरिटने पुसल्या. आपण फुंकर मारायचो, तिचा काही उपयोग नव्हता, हेही सांगून टाकतो. काढून परत बसवल्यामुळे कॅसेट चालायची, आणि फुंकरीच्या ओलीने पिना हळूहळू खराब व्हायच्या. कॅसेट तीस वर्षांनी पहिल्या झटक्यात वाचली गेली.

मारिओ सुरू केला आणि काहीतरी चुकत होतं. सगळं बरोबर, पण घाईत. मारिओ धावायचा नाही, पळत सुटायचा. उडी मारायची वेळ दर वेळी हुकायची. पहिल्यांदा वाटलं, वय झालं. मग माळ्यावरचं जुनं मशीनही काढलं, ते नशिबाने चालू झालं, आणि मी घड्याळ लावून बसलो. पहिल्या लेव्हलला मारिओला जागेवरच उभा ठेवायचा. पुढे गेलं नाही तर पहिला राक्षस येतच नाही. वरचा ४०० चा आकडा शून्यावर यायला लॅपटॉपवर २ मिनिटं ४० सेकंद लागली. जुन्या मशीनवर ३ मिनिटं १२ सेकंद.

कारण विजेत आणि टीव्हीत आहे. जपान-अमेरिकेच्या टीव्हीवर सेकंदाला ६० वेळा चित्र रंगवलं जाई. आपण १९८२ मध्ये, एशियाडच्या वर्षी, रंगीत टीव्ही आणला तो युरोपातल्या पाल पद्धतीचा, सेकंदाला ५० वेळांचा. मारिओचं घड्याळ सेकंद मोजतच नाही, चित्रं मोजतं. २४ चित्रं झाली की एक आकडा कमी. ४०० आकड्यांची ९,६०० चित्रं. त्यांना ६० ने भागा किंवा ५० ने, वरचे दोन्ही आकडे मिळतात. गणिताच्या सरांना हे उदाहरण आवडेल.

पुढची गोष्ट मला त्याहून गमतीची वाटते. निन्टेन्डोने युरोपसाठी जे मशीन केलं त्यात प्रोसेसरही थोडा मंद होता, त्यामुळे त्यावर जपानी कॅसेट लावली तर चालही मंदावते आणि सूरही खाली उतरतो. नक्कल करणाऱ्यांनी वेगळी युक्ती केली. प्रोसेसर जवळपास जपानी वेगाचाच ठेवला आणि प्रत्येक चित्र रंगवून झालं की चिपला ५० रेघांइतका वेळ नुसतं थांबायला लावलं, म्हणजे जपानी कॅसेटी न बिघडता चालाव्यात. परिणाम असा, की आपल्या मारिओचा सूर मूळ कोंडो यांचाच, फक्त लय विलंबित. बाजारात आज जो अधिकृत मारिओ मिळतो, आणि २०१६ च्या छोट्या ‘क्लासिक मिनी’ मशीनमध्ये जो मिळत असे, तो ६० चा आहे. आपण खेळलो तो कंपनीने कधी केलाच नव्हता.

मग तो एमुलेटरमध्ये मिळवायचा कसा? सेटिंगमध्ये ‘रीजन’ असतं. त्यात जपान-अमेरिका आहे, युरोप आहे, आणि तिसरं एक नाव आहे: ‘डेंडी’. डेंडी म्हणजे १९९२ च्या अखेरीस मॉस्कोच्या स्टीपलर कंपनीने रशियात आणलेली हीच नक्कल, डब्यावर एका हत्तीचं चित्र. तिथे ती इतकी चालली की तिच्या चाहत्यांनी पुढे तिच्या चिपची मोजमापं काढली, लिहून ठेवली, एमुलेटर करणाऱ्यांनी ती वापरली. मी ‘डेंडी’ निवडलं, पडद्याचा वेगही ५० वर आणला (नाहीतर चित्र अडखळतं), आणि घड्याळ लावलं. ३ मिनिटं १२ सेकंद. उडी बरोबर बसली.

म्हणजे परळच्या चाळीतला खेळ आज जसाच्या तसा मिळतो तो रशियन नावाखाली. आपल्या मशीनांची मोजमापं कुणी घेतली नाहीत, आणि ती विकणाऱ्या दुकानांनी पावत्या क्वचितच दिल्या. चाळी पुनर्विकासाला जात आहेत, आणि खोली रिकामी करताना पहिला भंगारात जातो तो माळा. म्हणून विनंती अशी: माळ्यावर कॅसेट असेल, लेबल फाटकं असलं तरी, टाकू नका. मी ती वाचून परत देईन. प्रती वाटणार नाही. आपल्या कॉपीराइट कायद्यात स्वतःच्या वापरासाठी प्रत काढायची मुभा आहे ती कायदेशीररीत्या मिळवलेल्या वस्तूची, आणि आपल्या कॅसेटी मुळातच कशा होत्या ते सर्वांना माहीत आहे. मशीन सापडलं तर चिपवरचं नाव-नंबर टिपून ठेवा. दोन-चार मशीनं मोजली तरी सगळी माझ्यासारखीच होती की नाही ते कळेल.

मेळाव्याच्या टेबलावर मारिओ, काँट्रा आणि टँक असतील. काँट्रासाठी वर वर खाली खाली डावा उजवा डावा उजवा बी ए अजून चालतं. तीस जान मिळतात, त्यामुळे बाई आणि सरांनीही निर्धास्त बसावं. बदकांचा ‘डक हंट’ मात्र लॅपटॉपवर जमत नाही. बंदुकीचा घोडा दाबला की पडदा क्षणभर काळा होतो आणि बदकाच्या जागी पांढरा चौकोन उमटतो. बंदुकीतला डोळा तेवढंच पाहतो. आजचे सपाट पडदे तो चौकोन उशिरा दाखवतात, आणि प्रत्येक नेम चुकतो. माऊसने मारता येतं, पण त्यात कुत्रा हसल्याचा राग येत नाही. त्यासाठी जुना, पाठ फुगलेला टीव्ही लागतो. आपल्यातल्या एकाकडे परळला तो अजून चालू स्थितीत आहे, तिसऱ्या मजल्यावर, आणि लिफ्ट नाही. उचलायला चौघे लागतील. दोघे ठरले आहेत. उरलेल्या दोघांनी सकाळी आठला केईएमच्या दारात भेटावं.