हुगळीकाठचे स्मारक व शिंद्यांची निष्ठा

कलकत्त्यास बदलून आलेला मराठी माणूस सायंकाळी प्रिन्सेप घाटाकडे फिरावयास निघाला, म्हणजे नदीकाठी एक अष्टकोनी छत्री त्याच्या दृष्टीस पडते. डिसेंबर १८४३ मध्ये महाराजपूर व पनिहार येथे शिंद्यांच्या फौजेशी लढताना पडलेल्या इंग्रज पक्षाच्या लोकांचे हे स्मारक १८४७ साली उभे राहिले. शिंद्यांकडून जिंकलेल्या तोफांचा धातू त्यात ओतलेला आहे, हे आम्हांस तेथे नेहमी बोचते.

त्या वेळी जयाजीराव शिंदे अज्ञान बालक होते. १८५७ साली बंड उसळले, तेव्हा दिवाण दिनकरराव राजवाडे यांच्या सल्ल्याने त्यांनी इंग्रजांचाच पक्ष धरला. १ जून १८५८ रोजी ते मुरारजवळ तात्या टोपे, रावसाहेब पेशवे व राणी लक्ष्मीबाई यांच्यावर चालून गेले. पण त्यांची बहुतेक फौजच पेशव्यांस मिळाली आणि महाराजांस आग्रा गाठावे लागले. त्याच महिन्यात राणी पडली, सर ह्यू रोजने ग्वाल्हेर घेतले व महाराज पुन्हा गादीवर बसले. किल्ल्यावरचे इंग्रजी ठाणे मात्र १८८६ पर्यंत उठले नाही. तेही झाशी शहर दिल्यावर!

त्यांस फितूर म्हणणे सोपे आहे. परंतु ज्याने बालपणीच महाराजपूरचा पराभव पाहिला, त्याने राज्य राखले, हेही खरे. पेशवा हा शिंद्यांचा मूळ धनी. शिपायांनी त्याला ओळखले, राजाने नव्या धन्याला. यांत निष्ठावंत कोण? चाकरीत केस पिकलेल्या आम्हां मंडळींस याचे उत्तर सहज देववत नाही.