पंचामृताची वंशावळ

सणावाराच्या पानात उजवीकडे भाजी-आमटी ऐटीत बसते. डावीकडे मीठ, लिंबू, कोशिंबीर यांच्या शेजारी एक काळसर, दाट पदार्थ चमचाभरच वाढलेला असतो. ते पंचामृत. देवाला स्नान घालतात ते दूध-दह्याचे निराळे, हे चिंचगुळाचे. आंबट, गोड, तिखट, खारट आणि मेथीचा किंचित कडूपणा, एवढे सारे त्या चमच्यात मावते. आपण त्याला अगदी घरचे, परंपरेचे समजतो. पण वंशावळ काढू गेले तर मोठी गंमत होते.

पहिला मान चिंचेचा. अरबांनी तिला ‘तमर हिंदी’, म्हणजे हिंदुस्थानचा खजूर, म्हटले. त्यावरूनच इंग्रजांचे ‘टॅमरिंड’ आले. वनस्पतिशास्त्रज्ञ मात्र तिचे माहेर आफ्रिकेत सांगतात. ती इतकी जुनी सासुरवाशीण, की माहेरचे नावही कोणी काढीत नाही. हिंग शतकानुशतके इराण-अफगाणिस्तानातून येत आला. आपल्याकडे हिमाचलच्या लाहौल खोऱ्यात त्याची लागवड सुरू झाली ती २०२० साली.

मग मिरची. कल्याणीच्या चालुक्य सोमेश्वराने ११३०च्या सुमारास ‘मानसोल्लास’ रचला. त्यात राजाच्या मुदपाकखान्याचे रसभरीत वर्णन आहे, पण मिरची नाही. तिखटपणासाठी तेव्हा मिरी होती. मिरची अमेरिकेची. सोळाव्या शतकात पोर्तुगीजांच्या गलबतांतून ती आली आणि नावदेखील मिरीवरूनच मिळवून बसली! शेंगदाणा आणि काजू हे तिचेच देशबंधू. कोणी चिंचेऐवजी अननसाचे पंचामृत करतात. तर ते फळ आणि ‘अननस’ हा शब्द, दोन्ही दक्षिण अमेरिकेतून आली. राहता राहिले तीळ आणि गूळ. हे मात्र आपल्या भूमीतले जुने रहिवासी. खोबरेही कोकणाला परके नाही.

म्हणजे या चमचाभर पदार्थात तीन खंडे शेजारी नांदतात. त्यांना एकत्र नांदवले कोणी? कोणा राजाने नव्हे. परसात नवे रोप आले, घरातल्या बाईने भीतभीत चाखून पाहिले, सणाच्या दिवशी थोडे घातले, लेकीला सांगितले. लक्ष्मीबाई धुरंधरांचे ‘गृहिणीमित्र’ १९१० साली निघाले, कमलाबाई ओगल्यांची ‘रुचिरा’ १९७० साली. पण त्यांच्या मागे शेकडो वर्षे हे शास्त्र ‘अंदाजाने घाल’ एवढ्या दोन शब्दांवर चालत आले, आणि ते चालवणाऱ्यांची नावे कोठेच नोंदली गेली नाहीत.

करायची रीत सोपी आहे. तेलात मोहरी, मेथीचे थोडे दाणे, हिंग, हळद घालून हिरव्या मिरच्यांचे तुकडे परतावे. भिजवलेले शेंगदाणे, खोबऱ्याचे काप, मग चिंचेचा कोळ घालून उकळी आणावी. चिंचेच्या दुप्पट-अडीचपट गूळ, मीठ, गोडा मसाला आणि शेवटी तिळाचे कूट. कडेला तेल सुटले की उतरवावे. आंबटपणा आणि गूळ यांमुळे ते चार दिवस चांगले टिकते. कल्हई उडालेल्या पितळी पातेल्यात मात्र करू नये. चिंचेने धातू अन्नात उतरतो. आजी कल्हईवाल्याची वाट पाहत, ती उगाच नव्हे.

आपल्या उपनगरांची कथा तरी काय वेगळी आहे? १८५३ साली ठाण्याची आगगाडी सुरू झाली. पुढे मुलुंड आणि बोरिवली १९५७ साली महापालिकेच्या हद्दीत आली. येथे कोळी आणि ईस्ट इंडियन आधीचे. मग घाटावरचे, कोकणातले, कच्छी, गुजराती, फाळणीनंतर सिंधी. प्रत्येक जण आल्या दिवशी परकाच होता. ‘मूळचे कोण’ हा वाद जेवताना निघाला, तर वाद घालणाऱ्याच्या पानात पंचामृत जरा सढळ हाताने वाढावे. त्यातली मिरची काढून टाका म्हणायला बहुधा तोही धजणार नाही.