दीपनगरच्या उजेडात बिलाचा तंटा

भुसावळजवळच्या दीपनगर औष्णिक वीज केंद्राचा पहिला संच १९६८मध्ये सुरू झाला. पुढे २१० मेगावॅटचे दोन आणि २०१०च्या दशकात ५०० मेगावॅटचे दोन संच उभे राहिले. वीज दाराशी तयार होते. पण बिल चुकले तर दीपनगरला जाऊन उपयोग नाही. ६ जून २००५ रोजी राज्य वीज मंडळाचे विभाजन झाले. तेव्हापासून वीज तयार करते महानिर्मिती, वाहून आणते महापारेषण आणि बिल देते महावितरण. लोकांच्या तोंडी मात्र सगळे अजून ‘एमएसईबी’च.

या बिलाच्या भांडणात पंच कोण, हा प्रश्न मंडळापेक्षाही जुना आहे.

१९१०च्या भारतीय वीज कायद्याने त्याचे अर्धेच उत्तर दिले होते. मीटर बरोबर चालतो की नाही यावर वाद झाला, तर निर्णय सरकारच्या विद्युत निरीक्षकाचा. मीटर सदोष निघाला, तर किती वीज वापरली गेली असेल याचा अंदाजही त्यानेच बांधायचा आणि तोही जास्तीत जास्त सहा महिन्यांपुरता. वीज पुरवणाऱ्याने स्वतःच न्यायाधीश होऊ नये, हा त्यामागचा हिशेब. १९८७मध्ये मध्य प्रदेश वीज मंडळाच्या एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने हेच बजावले: मीटरच्या अचूकतेचा वाद असेल, तर निरीक्षकाला वगळून मंडळाने मागची जादा रक्कम परस्पर लावू नये.

पण मीटर ठणठणीत आणि बिल मात्र चुकीचे असेल तर? रीडिंग न घेता सरासरी लावली, घराला दुकानाचा दर लावला, भरलेली रक्कम थकबाकीत दाखवली, तर निरीक्षकाच्या हाती काही नव्हते. उरत असे ते दिवाणी न्यायालय किंवा त्याच मंडळाच्या साहेबाकडे अर्ज. पैसे थकले की सात दिवसांच्या नोटिशीनंतर जोडणी तोडण्याचा अधिकार पुरवठादाराकडे होताच. १९८६च्या ग्राहक संरक्षण कायद्याने जिल्ह्यात एक नवे दार उघडले.

खरा बदल २००३च्या वीज कायद्याने केला. प्रत्येक वितरण कंपनीला ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच नेमणे बंधनकारक झाले आणि त्यावर विद्युत लोकपाल आला. मंचावर कंपनीचा अभियंता असे, तसा ग्राहक संघटनेचा प्रतिनिधीही. नोटिशीची मुदत पंधरा दिवसांची झाली. वादग्रस्त रक्कम किंवा मागच्या सहा महिन्यांची सरासरी, यांतली कमी असेल ती निषेध नोंदवून भरली, तर वाद मिटेपर्यंत जोडणी तोडता येत नाही, ही तरतूदही कायद्यात आहे.

भुसावळकरांसाठी अडचण अंतराची होती. सुरुवातीला मंच नाशिकला, म्हणजे रेल्वेने सुमारे अडीचशे किलोमीटरवर. दोन-तीन हजारांच्या बिलासाठी एवढी वारी कोण करणार? पुढे जळगाव परिमंडळाला स्वतःचा मंच मिळाला. तरी सगळेच वाद तिथे चालत नाहीत. अनधिकृत वापराचा ठपका आला, की २००३च्या कायद्याचे कलम १२६ लागते. आकारणी दुप्पट दराने होते आणि अपिलासाठी निम्मी रक्कम आधी भरावी लागते. २०१३मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अशा आकारणीविरुद्ध ग्राहक संरक्षण कायद्याखालच्या मंचाचे दारही बंद केले.

२०२०च्या टाळेबंदीने जुना पेच नव्याने समोर आणला. मार्चअखेर रीडिंग थांबले आणि आधीच्या, म्हणजे थंडीतल्या महिन्यांच्या सरासरीने बिले निघाली. उन्हात पारा ४५ अंशांवर नेणाऱ्या या पट्ट्यात मात्र एप्रिल-मेमध्ये माणसे घरातच आणि कूलर दिवसभर सुरू. जूनमध्ये रीडिंग झाले, तेव्हा साठलेला वापर एकदम बिलात उतरला; त्यातच १ एप्रिलपासून दरही बदलले होते. राज्यभर ग्राहक वीज कार्यालयांसमोर जमले. युनिट महिन्यांत विभागून प्रत्येक महिन्याच्या १०० युनिटांच्या टप्प्याचा लाभ दिला आहे, असे महावितरण सांगत होते. ग्राहकांना तो हिशेब कागदावर मांडून हवा होता. मीटरमध्ये दोष आहे, ही तक्रार त्यातल्या बहुतेकांची नव्हतीच. १९१०च्या निरीक्षकाला त्या रांगेत फारसे काम मिळाले नसते.