जबलपूरचे रूळ आणि जावाची रंगभूमी

इंडोनेशियातल्या ऑनलाइन व्हिडिओंची कहाणी बहुधा मोबाईलपासून सांगितली जाते. ती खरे तर फिरत्या नाटक मंडळ्यांपासून सांगायला हवी, आणि त्या वाटेवर जबलपूरचा टप्पा लागतो. 1853 मध्ये सांगलीच्या विष्णुदास भाव्यांनी मुंबईत ग्रँट रोडच्या नाट्यगृहात खेळ केले. त्याच वर्षी पारशी नाटक मंडळीही रंगभूमीवर उतरली. रंगवलेले पडदे, पोशाखांच्या पेट्या आणि साजिंदे असा सारा पसारा हलवणे मात्र जिकिरीचे होते. मार्च 1870 मध्ये ग्रेट इंडियन पेनिन्सुला आणि ईस्ट इंडियन या दोन रेल्वेंचे रूळ जबलपूरला जुळले आणि मुंबईहून थेट कलकत्ता गाठता येऊ लागले. दूरचे दौरे परवडू लागले. पुढे आगबोटींनी पारशी मंडळ्या ब्रह्मदेश आणि मलायापर्यंत पोचल्या. तिथे ‘वायांग पारसी’ म्हणून गाजलेल्या खेळांतूनच मलय ‘बंगसावन’ हा नाट्यप्रकार उभा राहिला. याच वळणाने 1891 मध्ये जावातल्या सुराबायात ऑग्युस्त माहियू यांच्या ‘कोमेडी स्तांबूल’ मंडळीने अलीबाबाची गोष्ट मलय भाषेत, गाण्यांसह रंगवली.

यावर कोणी म्हणेल, जावाला स्वतःचे वायांग हे छायानाट्य आणि गामेलान हा वाद्यवृंद असताना श्रेय बाहेरच्यांना कशाला? आक्षेप रास्त आहे. पण बाहेरचे घेऊन ते आपल्या चवीचे करणे, हेच तर तिथल्या लोकरंजनाचे बळ. ‘दांगदुत’ संगीत पाहा. त्यात तबल्याचा ठेका आणि हिंदी चित्रपटगीतांची वळणे आहेत, तसा मलय वाद्यवृंद आणि अरबी सूरही आहे. 1970 च्या दशकात गायक रोमा इरामांनी त्यात रॉकची गिटार मिसळली. याला नक्कल म्हणणे अन्यायाचे ठरेल.

दुसरा आक्षेप असा की यूट्यूबने मालक आणि तिकीटबारी दोन्ही हटवली, तेव्हा जुन्याशी नाते कसले? हा बदल खराच, पण तो वाहनातला आहे. 2011 मध्ये इंडोनेशियातल्या गोरोंतालोचा पोलीस नॉर्मन कामारू गणवेशात, ड्युटीवर बसल्या बसल्या ‘छैय्या छैय्या’वर ओठ हलवताना दिसला आणि देशभर गाजला. त्याच्यासमोर रंगमंच नव्हता. उसने गाणे आपल्या हावभावांनी आपलेसे करण्याची रीत मात्र जुनीच होती. म्हणून जबलपूरच्या रेल्वेचा इतिहास लिहिताना मालाच्या टनांबरोबर या मंडळ्यांचीही नोंद व्हायला हवी. लोकांच्या करमणुकीची वाट त्या रुळांनीच रुंद केली.