खिचडीतली मिरची, वसईचा गोन्सालो आणि ‘नाही’ म्हणायची मुभा

आजचा भाग खिचडीपासून सुरू करतो, कारण विषय सुचला तोच खिचडी खाताना.

वारंगा फाटा तुमच्यापैकी बऱ्याच जणांना माहीत असेल. नांदेड, हिंगोली आणि नागपूरकडचे रस्ते इथं एकत्र येतात. गाडी थांबते, लोक उतरतात, वाफाळती खिचडी घेतात आणि सोबत तळलेली मिरची. मागच्या वेळी गावाकडे आलो तेव्हा मीही तेच घेतलं. तेवढ्यात पंजाब पासिंगची एक गाडी आली, नांदेडच्या गुरुद्वाऱ्याला निघालेली. त्यातल्या आजोबांनीही मिरची उचलली आणि कचकन चावली. तेव्हा डोक्यात आलं, याच हिंगोली जिल्ह्यात नरसी आहे, जिला आपण संत नामदेवांचं गाव मानतो. नामदेवांचा काळ 1270 ते 1350. म्हणजे नामदेवांनी आयुष्यात मिरची बघितलीच नसणार!

खरंच. मिरची अमेरिका खंडातली. कोलंबस 1492 साली तिकडं पोहोचला आणि त्यानंतर पोर्तुगीज जहाजांतून ती आपल्या किनाऱ्यावर उतरली. शेंगदाणा, बटाटा, टोमॅटो, पेरू, काजू हे सगळे मूळचे तिकडचेच. ठेचा हा ‘आपला पारंपरिक’ पदार्थ म्हणतो ना आपण? नामदेवांच्या आईला तो करता आला नसता.

पण त्या जहाजांत फक्त बिया नव्हत्या. तोफा होत्या, व्यापारी होते आणि पाद्री होते. आजचा भाग त्या पाद्रींवर. स्पॅनिश मिशनऱ्यांनी नव्या मुलखांत ‘संस्कृती’ नेली, असं पुस्तकांत एका ओळीत लिहिलेलं असतं. त्या ओळीच्या आत काय काय दडलंय ते बघू. त्यासाठी मेक्सिकोला जायची गरज नाही, वसईला गेलं तरी पुरेल.

नकाशावरची रेघ

आधी थोडी पार्श्वभूमी. 1494 साली स्पेन आणि पोर्तुगाल यांनी तोर्देसिल्यासचा करार केला आणि युरोपबाहेरचं जग आपसांत वाटून घेतलं. ज्यांचं जग वाटलं, त्यांना कुणी विचारलं नाही. आपला किनारा पोर्तुगीजांच्या वाट्याला गेला. पण माणसं रेघ पाळत नाहीत. 6 मे 1542 ला गोव्यात उतरलेला फ्रान्सिस झेवियर मूळचा नवाराचा, म्हणजे आजच्या स्पेनमधला. 1556 साली गोव्यात भारतातला पहिला छापखाना आला, तो चालवणारा हुआन दे बुस्तामांतेही स्पॅनिशच. गंमत म्हणजे तो छापखाना निघाला होता इथिओपियाला. वाटेत गोव्यात थांबला आणि इथलाच झाला.

पुढे 1580 मध्ये पोर्तुगालची गादी स्पेनच्या दुसऱ्या फिलिपकडे गेली आणि 1640 पर्यंत दोन्ही देशांवर एकच राजा होता. म्हणजे ती साठ वर्षं गोवा, वसई, चौल या सगळ्यांचा राजा स्पेनचा राजा होता. ज्याच्या नावावरून फिलिपिन्स हे नाव पडलं, तोच हा फिलिप.

वसईचा पोरगा

वसई 1534 मध्ये पोर्तुगीजांच्या हातात गेली. तिथं 1556-57 च्या सुमारास गोन्सालो गार्सिया जन्मला. बाप पोर्तुगीज, आई इथलीच, कोकणातली. किल्ल्यात जेझुइट पाद्रींकडे तो शिकला आणि पंधरा-सोळा वर्षांचा असताना त्यांच्यासोबत जपानला गेला. तिथं काही वर्षं राहून जपानी भाषा अस्खलित बोलायला लागला. त्याला जेझुइट व्हायचं होतं, पण त्यांनी काही त्याला संघात घेतलं नाही. मग तो व्यापारात पडला. व्यापार करत करत मनिलाला पोहोचला, म्हणजे स्पॅनिश वसाहतीत. तिथं फ्रान्सिस्कन पंथीयांनी त्याला घेतलं, पण साधा ‘ब्रदर’ म्हणून, पाद्री म्हणून नाही.

1593 मध्ये फिलिपिन्सच्या स्पॅनिश गव्हर्नरने जपानचा सत्ताधीश हिदेयोशीकडे शिष्टमंडळ पाठवलं. प्रमुख होता पेद्रो बाउतिस्ता नावाचा स्पॅनिश पाद्री. त्याला जपानी येत नव्हतं. मग दुभाषी कोण? आपला गोन्सालो. जरा विचार करा, जपानच्या सर्वांत ताकदवान माणसासमोर स्पेनच्या वतीने बोलणारं तोंड वसईचं होतं.

ऑक्टोबर 1596 मध्ये ‘सान फेलिपे’ नावाचं स्पॅनिश जहाज वादळात सापडून जपानच्या किनाऱ्याला लागलं. ते मनिलाहून मेक्सिकोतल्या आकापुल्कोला चाललं होतं, मालाने गच्च भरलेलं. जपान्यांनी माल जप्त केला. असं सांगतात की जहाजावरच्या एका अधिकाऱ्याने धाक दाखवायला स्पेनच्या साम्राज्याचा नकाशा दाखवला आणि बोलून गेला की आधी पाद्री जातात, मागून सैन्य. तो नेमकं असंच बोलला का, यावर इतिहासकार अजून वाद घालतात. हिदेयोशीने पुढं काय केलं, त्यावर मात्र वाद नाही. क्योटो-ओसाकाकडच्या ख्रिस्ती लोकांना पकडलं, कानाचा तुकडा कापला, भर थंडीत नागासाकीपर्यंत चालवत नेलं आणि 5 फेब्रुवारी 1597 ला 26 जणांना क्रुसावर बांधून भाल्यांनी मारलं. त्यांत 20 जपानी होते. उरलेल्या सहांत पेद्रो बाउतिस्ता होता, मेक्सिकोत जन्मलेला फेलिपे दे हेसुस होता आणि वसईचा गोन्सालो होता.

1862 मध्ये पोपने या सगळ्यांना संत घोषित केलं. भारतात जन्मलेला पहिला कॅथलिक संत म्हणजे हा गोन्सालो. वसईत त्याच्या नावाचं चर्च आहे, कॉलेज आहे. आणि आपल्यापैकी बहुतेकांनी त्याचं नाव आज पहिल्यांदा ऐकलं असेल.

आता सांगा, हा माणूस कोण? वसाहत करणारा की वसाहतीत जन्मलेला? त्याच्या गावावर परक्यांची सत्ता होती आणि तो त्याच परक्यांचा धर्म घेऊन जपानला गेला. त्याची श्रद्धा खरी होती, जीव देऊन त्याने ते दाखवलं. आणि ज्या नकाशाची हिदेयोशीला भीती वाटली, त्या नकाशावर वसई होतीच! मला यातली कुठलीही एक गोष्ट लपवून दुसरी सांगायची नाहीये.

हिसकावलं, मग दिलं

आता गोव्याकडे येऊ. इथं माझ्या आवडीचा माणूस आहे, थॉमस स्टीफन्स. जन्माने इंग्रज, पंथाने जेझुइट. 1579 मध्ये गोव्यात आला आणि 1619 मध्ये गेला. चाळीस वर्षं इकडंच. कोकणी शिकला, तिचं व्याकरण लिहिलं, जे त्याच्या मृत्यूनंतर 1640 साली रायतूरला छापलं गेलं. मराठी शिकला आणि ‘क्रिस्तपुराण’ लिहिलं, जवळपास अकरा हजार ओव्या. स्वर्गाला त्याने सरळ ‘वैकुंठ’ म्हटलं. मराठीचं कौतुक करणाऱ्या त्याच्या ओव्या आपण मराठी भाषा दिनाला हमखास फॉरवर्ड करतो.

1616 मध्ये हे पुराण छापलं, पण रोमन लिपीत. का? तर देवनागरीचे खिळे नव्हते. स्टीफन्सने 1608 मध्ये वरिष्ठांना पत्र लिहून इथल्या लिपीत छपाई करू द्यावी असा आग्रह धरला होता. अडचण अशी की रोमनला 24 साचे पुरायचे आणि आपल्या जोडाक्षरांसकट लिपीला सुमारे 600 लागणार होते. मी सॉफ्टवेअरवाला आहे, त्यामुळे हे वाचून मला हसू आलं. चारशे वर्षांनंतरही आमच्या मीटिंगमध्ये हेच चालतं: देवनागरीत जोडाक्षर तुटतंय, मराठी पुढच्या रिलीजला बघू.

इथपर्यंत गोष्ट गोड वाटते, नाही का? परदेशी माणूस आला, मराठीच्या प्रेमात पडला. मीही बरीच वर्षं एवढंच सांगायचो. पण क्रिस्तपुराणाच्या सुरुवातीलाच एक प्रसंग आहे. नव्याने ख्रिस्ती झालेला एक जण पाद्रीला विचारतो, की आमची जुनी पुराणं तुम्ही बंद केलीत, मग त्याऐवजी नवं पुराण का देत नाही?

हा प्रश्न पुन्हा एकदा मनात वाचा. पुराणं काढून घेतली होती म्हणून पुराण मागावं लागलं. 1560 मध्ये गोव्यात इन्क्विझिशन सुरू झालं, आणि ते आणावं अशी मागणी झेवियरने स्वतः 1546 मध्ये राजाला पत्र लिहून केली होती. 1567 मध्ये साष्टीत देवळं पाडली गेली. 1583 मध्ये कुंकळ्ळीच्या लोकांनी पाच जेझुइटांना ठार मारलं, तेव्हा त्यांच्या पुढाऱ्यांना बोलणी करायला म्हणून बोलावून पोर्तुगीजांनी कापून काढलं. स्टीफन्सच्या ओव्या या सगळ्यात लिहिल्या गेल्या. ओव्या सुंदरच आहेत. पण ज्या पोकळीत त्या बसल्या, ती पोकळी मुद्दाम केलेली होती.

मेक्सिकोत हेच घडलं. युकातानमध्ये दिएगो दे लांदा या स्पॅनिश पाद्रीने 1562 मध्ये माया लोकांच्या पोथ्या जाळल्या. त्यानेच पुढे माया लोकांवर ग्रंथ लिहिला आणि विसाव्या शतकात माया लिपी वाचायला त्याच ग्रंथाचा आधार झाला. जाळणाराही तोच आणि नोंद ठेवणाराही तोच. म्हणून ‘मिशनरी चांगले की वाईट’ असा पोल मी इन्स्टाग्रामवर टाकत नाही. प्रश्नच चुकलाय.

मग विचारायचं काय?

मला वाटतं, प्रश्न असा हवा: घेणाऱ्याला ‘नाही’ म्हणायची मुभा होती का?

मिरचीला होती. कुणी हुकूम काढला नव्हता की उद्यापासून मिरची खा. लोकांनी चाखली, आवडली, परसात लावली. आज ती आपली आहे, ठासून आपली.

नामदेवांच्या अभंगांनाही होती. ते पंजाबात गेले, सोबत सैन्य नव्हतं. त्यांची 61 पदं गुरू ग्रंथ साहिबात आहेत, कारण तिथल्या लोकांना ती ठेवावीशी वाटली. 2015 मध्ये मराठी साहित्य संमेलन पंजाबातल्या घुमानला भरलं, ते त्याच नात्याने. फाट्यावरच्या त्या आजोबांना मी विचारलं, ‘भगत नामदेवजी’ माहीत आहेत का. ते म्हणाले, पाठ आहेत. मिरची समुद्रावरून इकडं आली आणि अभंग इथून तिकडं गेले. एकाच फाट्यावर दोन्ही भेटले.

आणि आता तिसरी गोष्ट. 27 जून 1684. गोव्याचा व्हाइसरॉय कोंदे दे आल्व्होर याने हुकूम काढला की स्थानिक भाषा सोडा, तीन वर्षांत पोर्तुगीज शिका. याच व्हाइसरॉयला आदल्या वर्षी संभाजी महाराजांच्या फौजेनं जेरीला आणलं होतं. ज्या स्टीफन्सने भाषा शिकून पुराण रचलं, त्याच्याच धर्मसत्तेनं पासष्ट वर्षांत ती भाषा नकोशी ठरवली. क्रिस्तपुराणाची सतराव्या शतकात छापलेली एकही प्रत आज हाती नाही. ते वाचलं ते हस्तलिखितांमुळे, दक्षिणेत मंगळूरकडे गेलेल्या ख्रिस्ती कुटुंबांनी जपलेल्या. त्यावरून 1907 मध्ये मंगळूरला ते पुन्हा छापलं गेलं. म्हणजे मिशनऱ्याचं पुस्तक शेवटी सत्तेनं नाही, घरांनी वाचवलं.

वसईचंही तसंच. 1739 मध्ये चिमाजी अप्पांनी वसई जिंकली. चर्चच्या घंटा देवळांत गेल्या, त्यातली एक आजही नाशिकला नारोशंकराच्या देवळात आहे. राज्य गेलं, घंटा गेल्या, पण वसईचे ख्रिस्ती राहिले आणि त्यांची मराठीही राहिली. तिथं प्रार्थना मराठीत होते. वसईचे फादर फ्रान्सिस दिब्रिटो 2020 मध्ये आपल्या मराठवाड्यात, उस्मानाबादला, मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्ष होते. हुकूमांनी जे जमलं नाही, ते घरात बोलणाऱ्या बायांनी केलं असणार, असं मला वाटतं. गोन्सालोच्या आईसारख्या. तिचं नाव कुठल्याही यादीत सापडत नाही.

शेवटचं सांगतो. आज आपल्याकडे जहाजं येत नाहीत, अपडेट येतात. कुठली भाषा मेन्यूत वर असेल, कुठलं गाणं आधी वाजेल, हे लांब कुठंतरी ठरतं, आणि त्यातला थोडा भाग माझ्यासारखे लोक कीबोर्डवर बसून ठरवतात. त्यामुळे हा प्रश्न मी आधी स्वतःला विचारतो: समोरच्याला नाही म्हणता येईल असं बटण मी ठेवलंय का?

पुढच्या वेळी वारंग्याला उतरलात तर खिचडी खा. मिरचीही खा. नको असेल तर बाजूला ठेवा, तिथं कुणी काही म्हणत नाही. भेटू पुढच्या भागात.